रुपये २९९ फक्त

मराठी विभागाच्या संपादिकेने "काहीतरी लिहून दे गं" म्हटलं तेव्हा मी आधी हसलेच. माझं सगळं शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये. मराठी म्हणजे आठवड्यातले चार तास आणि वर्षाला एक पेपर. त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका तिने सुधारल्या असतील, उरलेल्या तुम्ही पोटात घाला. विषय मात्र माझा स्वतःचा आहे आणि मला तो चांगलाच महाग पडलाय. नक्की सांगायचं तर १,७९६ रुपयांना.

तर झालं असं. गेल्या जानेवारीत, मेसचं बिल भरायची शेवटची तारीख २०. मी नेहमीप्रमाणे शेवटच्या दिवशी रात्री नऊला मेस सेक्रेटरीच्या खोलीबाहेर उभी. फोन काढला, स्कॅन केलं, पिन टाकला आणि स्क्रीनवर लाल फुली. खात्यात पुरेशी शिल्लक नाही. बघितलं तर २१२ रुपये कमी! बाबांनी १० तारखेला पैसे टाकले होते, मी हिशोब करून खर्च केला होता (म्हणजे मनातल्या मनात), आणि माझ्या हिशोबाने बिल भरून वडापावपुरते तरी उरायला हवे होते. मेस सेक्रेटरी म्हणाली, "उद्या सकाळी दे, पण यादीत नाव लागेल." नोटीस बोर्डावरच्या त्या यादीची शोभा काय असते ते हॉस्टेलवाल्यांना सांगायला नको.

खोलीत परत येताना माझ्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती, आणि ती लिहायची मला आजही लाज वाटते. माझा पिन माझ्या रूममेटला माहीत होता. (तिचं नाव लिहिणार नाही. लिहिलं तर ती हे मासिक फाडेल.) कँटीनमध्ये गर्दी असली की मी फोन तिच्याकडे द्यायचे आणि जागा धरायला पळायचे. झेरॉक्स, चहा, रात्रीची मॅगी, सगळं असंच चालायचं. सहा महिन्यांत मला त्यात काही वावगं वाटलं नव्हतं. पण २१२ रुपये कमी पडल्यावर वीस मिनिटांत वाटायला लागलं.

मी खोलीत गेले, काही न बोलता पिन बदलला आणि फोन उशीखाली ठेवला. रोज तो खिडकीत चार्जिंगला असतो. मग न राहवून विचारलंच, "तू माझ्या फोनवरून काही मागवलंस का गं मध्ये?"

ती मशीन ड्रॉइंगची शीट पूर्ण करत होती. तिने मान वर केली, माझ्याकडे बघितलं, उशीकडे बघितलं. बराच वेळ काही बोललीच नाही. मग पेन्सिल ठेवून म्हणाली, "स्टेटमेंट काढ."

स्टेटमेंट म्हणजे मला फक्त व्हिसाच्या कामाला लागतं असं वाटायचं. मी शिल्लक बघायचे, बस. तिने मात्र मला ॲपमधून सहा महिन्यांचं स्टेटमेंट काढायला लावलं आणि ती माझ्या शेजारी येऊन बसली. ती परभणी जिल्ह्यातल्या एका खेड्यातली. शाळेत असताना गल्लीतल्या सगळ्या आज्यांची पासबुकं तीच वाचून दाखवायची, पगार जमा झाला का ते बघायला. पगार म्हणजे निराधारांचं अनुदान. तिकडे त्याला पगारच म्हणतात म्हणे. तर या कामातली ती जुनी खेळाडू.

"जमा सोड. नावे बाजूला बघ," ती म्हणाली.

"कुणाच्या नावे?" मी.

तेव्हा ती पहिल्यांदा हसली. नावे म्हणजे डेबिट, हे मला विसाव्या वर्षी कळलं.

तिची पद्धत अशी. ओळखीची नोंद दिसली की वहीवर लिहून पुढे जायचं: मेस, झेरॉक्स, रिचार्ज, बस. न ओळखणाऱ्या नोंदी बाजूला काढायच्या, आणि त्यांतली एकेक न बघता त्या एकाखाली एक मांडायच्या. आमच्या बाजूला निघालेल्या यादीत २३६ रुपये एकदाच होते. तिने लगेच सांगितलं, हा डेबिट कार्डाचा वार्षिक आकार, २०० आणि त्यावर १८ टक्के जीएसटी. १७.७० दोनदा होते, तीन तीन महिन्यांच्या अंतराने. तो एसएमएसचा आकार, १५ अधिक जीएसटी. असे अपूर्णांकातले आकडे दिसले की १.१८ ने भागून बघायचं, सरळ आकडा आला तर बहुतेक बँकेचाच खर्च असतो. (इंजिनिअरिंगला येऊन मी केलेला हा पहिला उपयोगी भागाकार.)

आणि मग उरले २९९. एकदा नाही, सात वेळा. जुलै ते जानेवारी, दर महिन्याच्या १७ तारखेला. पुढे कुठल्याशा टेक्नॉलॉजीज प्रायव्हेट लिमिटेडचं नाव. मी ते नाव जन्मात ऐकलेलं नव्हतं.

"हॅक झालं," मी म्हणाले. मनात वाटलं, सुटलो बाबा, चोर बाहेरचा निघाला.

"चोर दर महिन्याच्या सतराला येतो काय? अन् आला तर बरोबर २९९च कामून नेईल? सगळंच नेईल ना. हे तू कशाला तरी हो म्हटलेलं आहे. जुलैमध्ये पहिल्या २९९ च्या वर काय आहे बघ."

वर होतं: १४ जुलै, रुपये २.

दोन रुपये बघितले आणि सगळं आठवलं. जुलैत इंटर्नशिपसाठी रेझ्युमे पाठवायची शेवटची रात्र. एका ॲपवर सुंदर रेझ्युमे तयार झाला, पण डाउनलोड करायला दोन रुपये मागत होतं, तीन दिवसांची ट्रायल. दोनच रुपये! मी पिन टाकला, रेझ्युमे उतरवला आणि सकाळी ॲप डिलीट केलं. मला वाटलं, विषय संपला. पण तो पिन दोन रुपयांचा नव्हता, तो ऑटोपेच्या मँडेटचा होता. यूपीआय ऑटोपे जुलै २०२० मध्ये आलं. त्यात पहिल्यांदा पिन टाकून परवानगी दिली, की पुढच्या हप्त्यांना १५ हजार रुपयांपर्यंत पुन्हा पिन विचारत नाहीत. ॲप डिलीट केल्याने फोनमधली जागा मोकळी होते, मँडेट तसंच राहतं. ते बँकेत आहे, फोनमध्ये नाही. इंटर्नशिप, बाय द वे, मिळाली नाही.

सगळ्यात झोंबणारी गोष्ट म्हणजे मेसेज आले होते. प्रत्येक वेळी पैसे जायच्या किमान २४ तास आधी कळवायचं असा रिझर्व्ह बँकेचा नियमच आहे. आले होते, सातही. लोनच्या ऑफर्स आणि रमीच्या आमंत्रणांमध्ये गाडलेले, न वाचलेल्या चौदाशे मेसेजांत. आणि सगळे स्वच्छ इंग्रजीत. घरात इंग्रजी फॉर्म आला की तो माझ्याकडे येतो, मी 'कॉन्व्हेंटची' ना. ट्रायलनंतर २९९ कापले जातील हेही त्या स्क्रीनवर इंग्रजीतच लिहिलं होतं, दोनच्या आकड्यापेक्षा बऱ्याच लहान अक्षरांत. याला सरकारी भाषेत नाव आहे. ३० नोव्हेंबर २०२३ ला डार्क पॅटर्न्सविरुद्ध जी मार्गदर्शक तत्त्वं निघाली, त्यांतल्या तेरा प्रकारांत 'सबस्क्रिप्शन ट्रॅप' हा एक आहे. मी वाचलं तेव्हा जरा बरं वाटलं. मूर्ख बनवायचा अधिकृत प्रकार होता म्हणायचा.

मँडेट रद्द करायला दोन मिनिटंही लागली नाहीत. यूपीआय ॲपमध्ये ऑटोपे नावाचं पान असतं, तिथे चालू असलेले सगळे मँडेट दिसतात. निवडा, रद्द करा, पिन टाका. (कार्डावर घेतलेलं असेल तर बँकेच्या साइटवर जावं लागतं, प्ले स्टोअरमधून घेतलं असेल तर तिथल्या सबस्क्रिप्शनच्या यादीत.) दुसऱ्या दिवशी लेक्चर बुडवून मी बँकेतही गेले, कारण मी कुठेतरी ऐकलं होतं की अनधिकृत व्यवहार कळवला की बँक पैसे परत देते. काउंटरवरच्या काकांनी शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाले, "बाळ, ते खरं आहे, २०१७ चं रिझर्व्ह बँकेचं परिपत्रक आहे. तिऱ्हाईताने पैसे काढले आणि तू ३ कामकाजाच्या दिवसांत कळवलंस तर तुझी जबाबदारी शून्य. १९३० वर फोनही करायचा लगेच. पण इथे पिन कुणी टाकला?" मी टाकला होता. मग कंपनीला मेल. त्यांनी 'वुई व्हॅल्यू यू' वगैरे लिहून शेवटच्या महिन्याचे २९९ परत केले.

त्या दिवशी मेस भरायला मात्र घरून पैसे मागवावे लागले होते. सकाळी आईला फोन केला, ५०० पाठव म्हटलं. कशाला ते सांगितलं नाही. अर्ध्या तासात आले.

आता जून. सुट्टीत घरी, मिरजेला. बाबा कुपवाड एमआयडीसीत टर्नर आहेत, आई घरी ब्लाऊज शिवते. मी आता स्टेटमेंट-तज्ज्ञ झाले होते, बाबांचं तपासून झालं होतं. आईचं सहकारी बँकेतलं पासबुक तिच्या मशीनच्या खणात असतं, तेही काढलं. आता 'नावे' मला येत होतं. आणि सापडलंच! दर वर्षी मेअखेरीला ४३६ आणि २०. जुन्या पासबुकात मागे गेले तर तिथे ३३० आणि १२, पार २०१५ पासून. ठरलेली तारीख, ठरलेली रक्कम, पुढे इंग्रजी अक्षरांची रांग. मी ओरडलेच, "आई, तुझ्याही खात्यातून दहा वर्षं कापतायत! दोन-दोन! थांब, बंद करून देते."

आईने मशीन थांबवलं. "ते नको बंद करूस गं. ते माझं आहे."

ती अक्षरं म्हणजे पंतप्रधान जीवन ज्योती आणि सुरक्षा विमा. २०१५ च्या मे महिन्यात योजना निघाल्या तेव्हा बँकेतल्या बाईंनी आईला समजावून सांगितलं होतं आणि आईने सही केली होती. पहिल्यात कसाही मृत्यू आला तरी दोन लाख, दुसऱ्यात अपघाताला दोन लाख. २०२२ च्या जूनपासून हप्ते वाढून ४३६ आणि २० झाले. तिने बाबांनाही धड सांगितलं नव्हतं. "वारस म्हणून तुझं नाव घातलंय," म्हणाली, आणि दोरा ओवायला लागली.

मग मी यंदाचं पान उलटलं. मेअखेरीला २० गेले होते. ४३६ नव्हते.

शिल्लक होती ३८०. मी जानेवारीपर्यंत मागे गेले. २१ जानेवारी, नावे, ५००. ते माझ्या मेसचे.

"अगं, ते मेसाठी बाजूला ठेवलेले असतात," आई म्हणाली. "ब्लाऊजचे येतील तेव्हा टाकीन म्हटलं, राहून गेलं." मला काही बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी बँक उघडायच्या आधीच आम्ही दोघी पायरीवर होतो. हप्ता चुकला की विमा थांबतो, पण पुन्हा सामील होता येतं. जूनमध्ये पूर्ण ४३६च भरावे लागतात. फक्त पहिले ३० दिवस अपघात सोडून दुसऱ्या कारणाने काही झालं तर पैसे मिळत नाहीत. बँकेतल्या बाईंनी हे अगदी सहज सांगितलं. मी ते तीस दिवस भिंतीवरच्या कॅलेंडरवर मोजले. आई मला हसत होती.

फॉर्म मराठीत होता. मीच भरला, दोनदा खाडाखोड करून. जुन्या फॉर्मवर माझं वय १० लिहिलेलं होतं आणि अज्ञान वारसाचे पालक म्हणून बाबांचं नाव. आता तो रकाना रिकामा सोडायचा होता.

जुलैत हॉस्टेलला परत आल्यावर हे सगळं मी रूममेटला सांगितलं. आणि जानेवारीतलंही सांगितलं, उशीचं आणि पिनचं.

"माहीत होतं की," ती म्हणाली. "पिन बदलताना तू पाठ केलीस माझ्याकडे. सहा महिन्यांत कधी केली नव्हतीस."

मी तिला नवा पिन सांगायला लागले तर तिने हाताने थांबवलं. "नको सांगू. कुणालाच सांगत नसतात."

अजूनही कँटीनमध्ये मी जागा धरायला पळते. ती तिच्या फोनने पैसे देते, आणि रात्री वहीत माझ्या नावे लिहून ठेवते.