चेंडू आपल्याकडे येत नाही तेव्हा

अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपला फुटबॉल नव्हे. चेंडू लांबट असतो. तो हातात धरून पळायचे किंवा पुढे फेकायचा, आणि चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे. नाहीतर चेंडू प्रतिस्पर्ध्याकडे जातो. चेंडू फेकतो तो क्वार्टरबॅक, आणि पुढे धावत जाऊन झेलतो तो रिसीव्हर. रिसीव्हरने किती धावायचे, कुठे वळायचे हे आधीच ठरलेले असते. पुष्कळदा तो वळायच्या आतच चेंडू हवेत असतो. आणि बहुतेक वेळा तो जीव तोडून धावतो, पण चेंडू दुसऱ्याकडेच जातो.

हे मला सांगितले ते सिनसिनाटीला नोकरी करणाऱ्या माझ्या मामाने. अकरावीत हॉकी खेळताना माझ्या गुडघ्याचे लिगामेंट फाटले. सदनाच्या संघातून नाव गेले, पी.टी.च्या वेळी मैदानाच्या कडेला बसणे नशिबी आले, आणि एनडीएच्या वैद्यकीय तपासणीत आपले काय होणार, हा विचार रात्री झोपू देईना. सुट्टीत मामा आला होता. त्याने धीर वगैरे दिला नाही. आपल्या गावच्या संघातल्या क्रिस कॉलिन्सवर्थची हकीकत सांगितली.

कॉलिन्सवर्थ फ्लोरिडा विद्यापीठात गेला तो क्वार्टरबॅक म्हणून. १९७७ साली, पहिल्याच वर्षी, त्याने राइस विद्यापीठाविरुद्ध ९९ यार्डांचा टचडाउन पास दिला. मैदानच १०० यार्डांचे, त्यामुळे याहून मोठी नोंद होऊच शकत नाही. तरीही पुढे तो रिसीव्हर झाला. १९७९ च्या हंगामात त्याच्या संघाने एकही सामना जिंकला नाही; पुढच्याच वर्षी आठ जिंकले. १९८१ मध्ये सिनसिनाटी बेंगल्सने त्याला घेतले. आठ हंगामांत तो दोनदा सुपर बोलपर्यंत पोहोचला आणि दोन्ही वेळा सॅन फ्रान्सिस्कोकडून हरला. जानेवारी १९८९ मधला दुसरा सामना १६-२० असा, अगदी शेवटच्या मिनिटात निसटला. तोच त्याचा अखेरचा सामना. तेव्हा त्याला तिशीही लागली नव्हती.

मग त्याने कायद्याचा अभ्यास करून १९९१ मध्ये पदवी घेतली. रेडिओवर खेळांविषयी बोलू लागला, तिथून दूरदर्शनवर गेला. २००९ मध्ये जॉन मॅडन निवृत्त झाले, तेव्हा एनबीसीवरील रविवार रात्रीच्या सामन्याची त्यांची खुर्ची कॉलिन्सवर्थला मिळाली.

मामाने त्याचे काही सामने दाखवले. चेंडू कोणी झेलला हे तर सगळ्यांनाच दिसते. पण चेंडू न मिळालेल्या रिसीव्हरने बचाव करणाऱ्याला आपल्यामागे ओढून जागा कशी मोकळी केली, हे तशी धाव स्वतः धावलेल्यालाच चटकन दिसते. मैदान सुटले तरी मैदानावर कमावलेली नजर सुटत नाही, हे मला तेव्हा उमगले.

यंदाच्या आंतरसदन हॉकी स्पर्धेत सरांनी माझ्या हाती माइक दिला. मी एक वही केली. आठवडाभर सगळ्या सदनांचा सराव पाहिला. कोण कोणत्या बाजूने वळतो, पेनल्टी कॉर्नरला कोण पुढे येतो, हे टिपले. उपांत्य सामन्यात गोल झाला तेव्हा गोल करणाऱ्याचे नाव घेतलेच, पण उजव्या बगलेने विनाचेंडू धावून दोन बचावपटूंना दूर नेणाऱ्या दहावीच्या कॅडेटचेही घेतले. रात्री मेसमध्ये तो माझ्याजवळ आला आणि म्हणाला, "सर, ती धाव कोणी पाहिली असेल असं वाटलं नव्हतं."

गुडघा सुधारतो आहे. एनडीएची लेखी परीक्षा मी देणारच आहे; मेडिकल बोर्ड काय म्हणेल ते माझ्या हाती नाही. फुटबॉलचे सामने पुढच्या महिन्यात आहेत. वहीत दोन सदनांची पाने भरली आहेत, दोन बाकी आहेत.