बिडकीन : क्रमांकांआड जाणारी नावे

छत्रपती संभाजीनगरहून पैठणकडे निघाले की सुमारे २० किलोमीटरवर बिडकीन लागते. पैठणला मुनिसुव्रतनाथांच्या दर्शनास जाणारी आपली कुटुंबे या गावावरून जातात. थांबतात मात्र क्वचितच. आता येथे थांबून पाहण्याजोगे पुष्कळ आहे. सप्टेंबर २०२४ मध्ये बिडकीन औद्योगिक क्षेत्राचे लोकार्पण झाले. त्याचा विस्तार ७,८५५ एकरांचा. जेथे कपाशी, तूर, बाजरी डोलत होती, तेथे रुंद रस्ते झाले आणि भूखंडांना क्रमांक मिळाले.

जमिनीची किंमत कागदावर येते. शेताचे नाव येत नाही. सातबाऱ्यावर गट क्रमांक असतो, पण घरात शेत ओळखले जाते ते ‘विहिरीचे’, ‘आंब्याखालचे’, ‘ओढ्यापलीकडचे’ म्हणून. विहीर बुजली, आंबा गेला की ते नाव घेण्याचे निमित्तही उरत नाही. आपल्या जुन्या रोजमेळात कोणत्या तिथीला किती माल आला हे सापडते; तो कोणत्या पाणंदीने आला हे सापडत नाही.

पैठणजवळ याचा अनुभव पूर्वीच आला आहे. जायकवाडी धरणाचे १९७६ मध्ये उद्घाटन झाले. त्याच्या नाथसागरात गोदाकाठची अनेक गावे बुडाली. तेथील घाट आणि बाजार ज्यांनी पाहिले, ती पिढी आता थकली आहे.

ही स्मृती जपण्याचा एक मार्ग प्रयोगशील माहितीपटाने दाखविला आहे. त्यात चित्र आजचे असते आणि आवाज कालचा. मधुश्री दत्ता यांच्या ‘सेव्हन आयलंड्स अँड अ मेट्रो’ (२००६) या मुंबईवरील माहितीपटात मंटो आणि इस्मत चुगताई या दिवंगत लेखकांचा कल्पित संवाद आजच्या शहरावरून ऐकू येतो. दुसरा धडा आपल्या दादासाहेब फाळक्यांचा. ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) काढण्यापूर्वी त्यांनी वाटाण्याच्या रोपापुढे कॅमेरा ठेवून ठरावीक अंतराने चित्रे घेतली आणि अंकुराची वाढ पडद्यावर दाखविली. त्या छोट्या चित्रफितीने त्यांना भांडवल मिळवून दिले.

बिडकीनला हे दोन्ही धडे लागू पडतात. एकाच जागेवरून दर महिन्याला एक दृश्य घ्यावे. त्या दृश्यावर एखाद्या वृद्ध शेतकऱ्याचा वा दुकानदाराचा आवाज असावा. समोर सिमेंटचा रस्ता दिसत असताना तो म्हणेल, “येथे आमचे विहिरीचे शेत होते.” डोळ्यांना जे दिसत नाही ते कानांना कळेल.

यासाठी हातातील भ्रमणध्वनी पुरेसा आहे. ज्या घरांची बिडकीनशी पिढ्यान्‌पिढ्या उलाढाल आहे, त्यांनी पुढच्या पैठण यात्रेत तेथे तासभर काढावा. तारीख, ठिकाण आणि सांगणाऱ्याचे नाव लिहून ठेवावे. नोंद कशी ठेवावी, हे व्यापारी घराला शिकवावे लागत नाही.