पोतं बांधणारे हात

ऑगस्ट २०१९मध्ये कृष्णा-पंचगंगेला महापूर आला, तेव्हा आमच्या मोहल्ल्यातल्या मदरशात आम्ही शिधा भरत होतो. पीठ, तांदूळ, तूरडाळ, साखर, मीठ आणि वर कपडे धुण्याच्या पावडरचा पुडा. पिशवीला गाठ मारायचं काम माझ्याकडे होतं. तिसऱ्या दिवशी शिरोळकडच्या एका गावात वाटप करताना एका आजींनी तिथंच पिशवी सोडली, मूठभर पीठ नाकाशी नेलं आणि म्हणाल्या, "बाई, पिठाला साबणाचा वास येतोय की." पुडा फुटला होता. आजी रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

८ मार्च २०२४ला, रमजान तीन-चार दिवसांवर असताना, गाझाची बातमी आली. शाती छावणीजवळ विमानातून टाकलेल्या मदतीचं एक पॅराशूट उघडलं नाही आणि पाच माणसं त्या ओझ्याखाली गेली. अमेरिका आणि जॉर्डन दोघांनीही ते पार्सल आपलं नव्हतं असं सांगितलं. मला त्या रात्री वैमानिकाचा नाही, ते बांधणाऱ्याचा विचार आला. तेव्हापासून हे काम कसं चालतं ते वाचत गेले.

सगळं जमिनीवर ठरतं. खाली प्लायवूडची फळी, तिच्यावर मधाच्या पोळ्यासारख्या जाळीदार पुठ्ठ्याचे थर. आपटताना हा पुठ्ठा चेचतो आणि माल वाचतो. त्यावर खोकी, भोवती पट्ट्यांची जाळी, माथ्यावर घडी घातलेलं पॅराशूट. त्याला जोडलेल्या पट्ट्याचं दुसरं टोक विमानातल्या तारेला अडकवतात. ओझं बाहेर पडलं की तो पट्टा पॅराशूट ओढून उघडतो. विमान नाक किंचित वर करतं, मागचं दार उघडलेलं असतं, अडवणारा पट्टा कापला की पार्सल रुळांवरून आपल्याच वजनानं घसरत जातं. पाच-दहा सेकंदांचा खेळ. पण एक घडी चुकली, एक पट्टा पिळला, तर तो वर कुणाला दुरुस्त करता येत नाही. अमेरिकी सैन्यात पॅराशूट भरणाऱ्यानं स्वतः भरलेल्या पॅराशूटनं उडी मारायची तयारी ठेवावी लागते. पोत्याबरोबर मात्र कुणी उडी मारत नाही.

या कामात आपल्याकडच्या हातांचाही मोठा वाटा आहे, हे मला ठाऊक नव्हतं. १९४४मध्ये ब्रह्मदेशाच्या आघाडीवर जपान्यांनी वेढलेल्या तुकड्यांना विमानातून रसद द्यायची होती आणि पॅराशूटं पुरत नव्हती. चौदाव्या सेनेच्या जनरल स्लिम यांनी कलकत्त्याच्या ताग गिरण्यांच्या मालकांना गाठलं. तागाचं पॅराशूट बनवता येईल का? वेगवेगळे आकार, वेगवेगळी वीण करून पाहत महिन्याभरात ते तयार झालं. कापड तागाचं, दोऱ्याही तागाच्या. स्लिम यांनी 'डिफीट इनटू व्हिक्टरी'त लिहिलंय, की नेहमीचं पॅराशूट २० पौंडांच्या वर जायचं, हे पौंडभरात पडलं आणि काम जवळजवळ तितकंच करायचं. माणूस त्याला लटकवायचा नाही, एवढं पथ्य. रीतसर खात्यामार्फत न गेल्याबद्दल त्यांना वरून बोलणीही खावी लागली. (खातं कुठलंही असो, आम्हा शिक्षकांना यात नवल नाही.)

सगळ्यालाच पॅराशूट लावत नसत. धान्य नुसतंच खाली टाकायचं तर पोत्यात पोतं घालायचं आणि आतलं पोतं गच्च भरायचं नाही. मोकळं ठेवलेलं पोतं आपटल्यावर पसरतं, गच्च भरलेलं फुटतं. हे वाचताना मला माझ्या पिशव्या आठवल्या. दाबून दाबून भरल्या होत्या, जास्त देतोय म्हणून खूश होत.

इथं मी बराच वेळ अडकले. ज्या कलकत्त्यात हे काम झालं, तिथल्या फुटपाथवर आदल्याच वर्षी, १९४३मध्ये, बंगालच्या खेड्यांतून आलेली माणसं भुकेनं मरत होती. सरकारी चौकशी आयोगानंच १५ लाख मृत्यू मोजले. नंतरचे अंदाज ३० लाखांपर्यंत जातात. सैन्याला तांदूळ पोचवू नये असं मी म्हणत नाही, त्यात आपलीच पोरं होती. पण जंगलात वेढलेल्या शिपायापर्यंत पोतं पोचवायला महिन्याभरात नवं पॅराशूट निघतं, आणि फुटपाथपर्यंत जायला पॅराशूट लागत नाही तरी तांदूळ पोचत नाही. गाझाच्या सीमेवर ट्रक उभे असताना आकाशातून पेट्या पडताना पाहिल्या, तेव्हा हेच आठवलं.

उर्दूत पॅराशूटधारी सैनिकाला छाताबरदार म्हणतात, मराठीत छत्रीधारी. वर्गात हे दोन शब्द फळ्यावर शेजारी लिहिले, तर एका मुलीनं विचारलं, "बाई, पोत्याच्या छत्रीला काय म्हणायचं?" मला सांगता आलं नाही.

त्या आजींना आम्ही लगेच दुसरी पिशवी दिली. त्यांनी ती उघडून पाहिली नाही, तशीच कडेवर घेतली आणि चिखलातून निघून गेल्या. तीही त्याच दिवशी, मीच बांधलेली होती.