गोंड्याची लोकर

एखाद्या धर्मगुरूने ह्या साप्ताहिकात आपल्या कुत्र्याच्या केसांविषयी लिहावे, हे पुष्कळ वाचकांस चमत्कारिक वाटेल. कुत्रे राखणीस असावे, उरल्यासुरल्या भातावर वाढावे आणि आपले केस त्याने आपणच सांभाळावे, ही आपल्या खेड्यांतील रीत. आणि गावठी कुत्र्याच्या बाबतीत ती फारशी चुकीचीही नाही. त्याचे केस आखूड असतात, जुने झाले की गळतात, अंग झाडले की धूळ निघून जाते. मीही ह्याच रीतीत वाढलो. परंतु ज्या कुत्र्याची हकिकत मी सांगणार आहे ते गावठी नव्हते, आणि त्याच्या बाबतीत माझ्या हातून जे घडले ते मी आजवर दोनच माणसांपाशी बोललो आहे.

खानापूर तालुक्यातील आमच्या धर्मग्रामात एक वृद्ध विधवा राहत असे. सारा गाव तिला मावशी म्हणे. मुलगा पुण्यास नोकरीस होता. त्याने आपल्या मुलांसाठी एक पिल्लू विकत घेतले. आई पूडल जातीची आणि बाप ल्हासा, असे विकणाऱ्याने सांगितलेले. पुढे मुलाला कुवेतला नोकरी लागली, बिऱ्हाड हलले, आणि पिल्लू मावशीच्या ओसरीवर येऊन राहिले. अंगाने मांजराहून थोडे मोठे, रंग भाजलेल्या रव्यासारखा, आणि कानापासून शेपटीपर्यंत बारीक कुरळे केस. गल्लीतल्या पोरांनी त्याचे नाव गोंड्या ठेवले.

2023 च्या उपवासकाळात मावशी अंथरुणास खिळली. तैलाभ्यंगाचा संस्कार देण्यास मी गेलो तेव्हा गोंड्या खाटेखाली बसला होता. प्रार्थना संपल्यावर ती हळूच म्हणाली, "फादर, गोंड्याला बघा हं. त्याला रोज बघावं लागतं."

मी म्हटले, "बघीन, मावशी. तुम्ही काळजी करू नका."

घरातल्या आल्तारावर जपमाळेशेजारी एक पोलादी कंगवा पडला होता. तो माझ्या नजरेस पडला. पण तिच्या स्वतःच्या केसांचा असेल, असे समजून मी त्याचा अधिक विचार केला नाही. चौथ्या दिवशी मावशी देवाघरी गेली. "रोज बघावं लागतं" ह्या शब्दांचा अर्थ मी वेळच्या वेळी खाऊ घालणे, एवढाच घेतला.

खाण्यापिण्यात मी कसूर केली नाही. भात, अंडे, रविवारी थोडे मांस. गोंड्या चांगला रुळला आणि त्याची लोकर वाढत चालली. मिस्सा आटोपून बाया अंगणात येत आणि म्हणत, "फादर, कसा गुबगुबीत झालाय हो तुमचा कुत्रा!" मलाही त्याचे भूषण वाटे. मग पाऊस लागला. आमच्या बाजूचा पाऊस ज्यांना ठाऊक आहे त्यांना सांगावयास नको. आठ-आठ दिवस ऊन म्हणून दिसत नाही. गोंड्या भिजे, ओसरीवरच्या पोत्यावर पडून आपोआप सुके आणि पुन्हा भिजे. एवढी दाट लोकर असताना त्याला काय बाधणार, असे मला वाटे.

आमच्या चर्चमध्ये डावीकडच्या वेदीवर संत रॉक ह्यांची लहान मूर्ती आहे. 16 ऑगस्टला त्यांच्या सणानिमित्त मी प्रवचन केले. महामारीत आजाऱ्यांची सेवा करता करता स्वतः रोगग्रस्त होऊन संत रॉक रानात जाऊन राहिले, तेव्हा एक कुत्रा त्यांना रोज भाकरी आणून देई आणि त्यांच्या जखमा चाटी, अशी जी परंपरा आहे, ती मी रंगवून सांगितली. लोकांना प्रवचन आवडले. गोंड्या त्या वेळी दाराबाहेर पायरीवर अंग खाजवीत बसला होता.

पुढे त्याच्या अंगास वास येऊ लागला. कानामागे हात लावू देईना. ऑक्टोबरात एके रविवारी धर्मशिक्षणास आलेल्या एका चिमुरड्याने त्याच्या गळ्यास मिठी मारली, तोच तो उसळून अंगावर गेला. दात सदऱ्याच्या बाहीस लागला. कातडीस लागला नाही, ही देवाची कृपा. कुत्र्याला लस टोचलेली होती आणि तिचा कागद मावशीने जपून ठेवलेला होता, तरी मुलाची आई साहजिकच घाबरली. मी गोंड्याला स्वयंपाकघरामागे साखळीने बांधले. भरवसा नसलेले जनावर पोरांत नको, त्याला बेळगावास कोणाकडे तरी धाडून देऊ, असे मी चारचौघांत बोललोही. दोष कुत्र्याचा, हे माझ्यापुरते ठरून गेले होते.

त्याच आठवड्यात चर्चच्या खालच्या रानात धनगरांचा कळप उतरला. त्यांतला एक म्हातारा पाणी मागण्यास वर आला. गोंड्या त्याच्यावर गुरगुरला नाही. उलट पोट टेकून पडला. म्हाताऱ्याने उकिडवे बसून त्याच्या पाठीवरच्या लोकरीत बोटे घातली. बोटे अर्ध्यावर अडली. मजकडे पाहून तो म्हणाला, "फादर, बाहेरनं लोकर हाय, पर आत जेन झालंय की हो. मेंढरू असतं तर आम्ही कवाच कातरलं असतं."

जेन म्हणजे काय, हे आपल्या भागातील जुन्या माणसांस ठाऊक आहे. लोकर पसरून, पाणी शिंपडून, ती दाबत-रगडत गेले की विणल्यावाचून तिचे जाड कापड बनते, तेच जेन. पाणी आणि घर्षण मिळाले की केसांवरचे सूक्ष्म खवले एकमेकांत अडकतात, मग ते सुटत नाहीत. पावसाच्या चार महिन्यांत गोंड्याच्या अंगावर हेच झाले होते. कुत्रे भिजत होते, लोळत होते, खाजवीत होते. आणि जेन तयार होत होते.

तालुक्याच्या जनावरांच्या डॉक्टरांनी मशीन लावून ते काढले. मला वाटले होते, केस केसांसारखे गळून पडतील. तसे झाले नाही. पाठीवरून, बगलांतून एक सलग बंडीच उतरावी तसे ते निघाले. खाली कातडी लाल, ओली होती. गळपट्ट्याखाली वर्तुळाकार जखम. जांघेत गोचिडी. आणि उजव्या कानामागे, जिथे त्या मुलाचा हात पडला होता, तिथे एक कुसळ आत रुतून पिकले होते. डॉक्टर एवढेच म्हणाले, "फादर, हे एका दिवसात झालेलं नाही." उघडे पडलेले ते जनावर टेबलावर थरथरत होते आणि माझा हात चाटीत होते. मला त्या वेळी आमच्या डाव्या वेदीवरची मूर्ती आठवली. अधिक लिहवत नाही.

केस पुन्हा वाढू लागले तेव्हा मी ह्या विषयात लक्ष घातले. साध्या कुत्र्याचा केस काही काळ वाढतो, थांबतो आणि गळतो. पूडलच्या केसाची वाढ पुष्कळ अधिक काळ चालू राहते, आणि जो केस मूळ सोडतो तोही खाली पडत नाही. शेजारच्या कुरळ्यात अडकून बसतो. आखूड केस, लांब केस, सरळ, कुरळे, मिशाळ अशी कुत्र्यांची जी नाना रूपे आपण पाहतो, ती बहुतांशी अवघ्या तीन जनुकांच्या अदलाबदलीतून उद्भवतात, हे 2009 साली शास्त्रज्ञांनी 80 जातींच्या हजाराहून अधिक कुत्र्यांचा अभ्यास करून दाखवून दिले. ज्ञान मोठे मनोरंजक आहे. परंतु पिल्ले विकणारे त्यातले एकच टोक सांगतात: "ह्याचे केस घरात पडत नाहीत." खरे आहे. पण न पडलेला केस जातो कोठे, हे घेणाऱ्याने विचारावे. शहरांतून अशी पिल्ले हल्ली आपल्या खेड्यांपर्यंत येऊ लागली आहेत, म्हणून हे लिहितो. पूडल हे मुळात पाण्यात उतरून बदके आणणारे शिकारी कुत्रे; त्याच्या छातीवर व सांध्यांवर केस राखून मागचे अंग भादरण्याची जी चाल चित्रांत दिसते, तिचा उगमही थंड पाण्यात पोहण्याच्या सोयीत आहे, असे सांगतात. म्हणजे कुत्रे निर्माण करणाऱ्यांनी कातरही हातात धरली होती. आपण कुत्रे तेवढे घेतो.

आता माझा क्रम असा आहे. संध्याकाळची जपमाळ आटोपली की ओसरीवरच्या जुन्या टेबलावर पोते अंथरून गोंड्याला उभा करतो. पोते ह्यासाठी की पाय घसरला की तो घाबरतो आणि घाबरला की ओढतो. डाव्या तळव्याने केस वर उचलून धरायचे, म्हणजे भांग पाडल्यासारखी कातडीची एक रेघ उघडी पडते. त्या रेघेखालचे थोडे केस बारीक वाकड्या तारांच्या ब्रशाने हलक्या हाताने झाडायचे. तारा कातडीस घासता कामा नयेत. मग कंगवा, थेट मुळापासून टोकापर्यंत. तो कोठे अडला नाही तर बोटभर वर दुसरी रेघ. पायांपासून आरंभ करून असे पाठीकडे जायचे. नुसता ब्रश फसवितो. वरवर फिरवला की केस फुलून सुरेख दिसतात आणि आतले जेन तसेच राहते. कंगवा खोटे बोलत नाही.

गाठ सापडली तर तिच्या मुळाशी केस चिमटीत घट्ट धरावे, म्हणजे ओढ कातडीस बसत नाही. कोरडे कॉर्नफ्लोअर चोळून, टोकाकडून मुळाकडे, बोटांनी ती थोडी थोडी मोकळी करावी. नच सुटली तर गाठ आणि कातडी ह्यांच्यामध्ये कंगवा घालून त्याच्या वरच्या अंगाने कापावी. खालून कात्री कधी घालू नये, कारण गाठीबरोबर कातडीही वर ओढली गेलेली असते आणि केसांत ती दिसत नाही. जेन कातडीस चिकटून बसले असेल तर मात्र घरी हात लावू नये, डॉक्टरांकडे न्यावे. कानामागे, बगलेत, जांघेत, गळपट्ट्याखाली आणि शेपटीच्या मुळाशी आधी पाहावे. चोर तिथेच लपतो.

आंघोळ विंचरल्यानंतर, आधी नव्हे. गाठीवर पाणी पडले की ती अधिकच आवळते. मी तीन-चार आठवड्यांतून एकदा घालतो. माणसांचा साबण वापरत नाही, कारण कुत्र्याची कातडी आपल्याहून पातळ असते आणि तिला तो मानवत नाही. टॉवेलाने रगडू नये, दाबून पाणी टिपावे, आणि मुळापर्यंत सुकवावे. कानांच्या आतली ओल कापसाने टिपायची. पण कापूस खोल सारायचा नाही. दसऱ्यानंतर गवत वाळले की कुसळांसाठी बोटांच्या बेचक्या रोज पाहाव्या लागतात. नखे कापताना माझे हात अजूनही कापतात. त्याची नखे काळी असल्याने आतला जिवंत भाग दिसत नाही. म्हणून तांदळाएवढे टोक घेतो आणि थांबतो. दीड-दोन महिन्यांनी साऱ्या अंगाचे केस बोटाच्या जाडीएवढे ठेवून कापतो. डोळ्यांजवळ बोथट टोकाची कात्री. गोलाई मला साधत नाही. एक बाजू नेहमी उंच राहते आणि पोरे हसतात.

फादरांना कुत्र्याचा छंद लागला, असेही गावात बोलले गेले. ते ऐकून घ्यावे लागते. परंतु एक गोष्ट अनपेक्षित घडली. मी टेबलापाशी असलो की लोक सहज थांबतात. माझे डोळे कुत्र्याकडे असतात म्हणून की काय, एरव्ही ऑफिसात येऊन "सारं ठीक आहे, फादर" म्हणणारी माणसे तेथे खरे बोलतात. पुष्कळ वर्षे पापनिवेदनास न आलेला एक गृहस्थ एके संध्याकाळी गोंड्याचे पुढचे पाय धरून अर्धा तास बोलला. काय बोलला, ते अर्थातच मी सांगणार नाही.

2024 साली मावशीच्या पहिल्या स्मृतिदिनाच्या मिस्सासाठी तिचा मुलगा कुवेतहून आला. गोंड्याने त्याला ओळखले की नाही, कोण जाणे; पण तो पायांशी घोटाळला. मुलगा म्हणाला, "फादर, आईच्या मागं तुम्ही किती छान ठेवलात हो ह्याला!" मिस्साला अर्धा तास होता. मला गप्प बसता आले असते. कुत्रे खरोखरच छान दिसत होते. पण मावशीच्या नावाने वेदीवर उभे राहायचे होते. मी गोंड्याच्या उजव्या कानामागचे केस बाजूस करून, जिथे आता केस उगवत नाहीत ती जागा त्याला दाखविली, आणि आरंभापासून सारे सांगितले. प्रवचनाचेही सांगितले.

तो बराच वेळ काही बोलला नाही. त्या जागेवरून बोट फिरवीत राहिला. मग म्हणाला, "मी फोन केला की आई म्हणायची, थांब रे, आत्ता ह्याला विंचरतेय, मग बोलते. मला राग यायचा, फादर. कितीदा मी फोन ठेवून दिला."

संध्याकाळी तो मावशीचे घर उघडून आला आणि तो पोलादी कंगवा माझ्या हातात ठेवून गेला. त्याचे दोन दाते तुटलेले आहेत, आणि दाते थोडे विरळ असल्याने कानांमागे तो उपयोगाचा नाही. पण मागच्या मांड्यांवरच्या दाट केसांत माझ्या बाजारच्या कंगव्यापेक्षा तोच सुरळीत चालतो.