अस्वलाचं अडतं कशावाचून?

आमच्या कामाची सुरुवात विष्ठेपासून होते. खाता-खाता वाचायला हा विषय बरा नाही, पण इलाजही नाही. जंगली प्राणी खाताना क्वचितच दिसतो. काय खाल्लं त्याचा पुरावा मात्र पायवाटेवर टाकून जातो. तो वाळवायचा, बारीक चाळणीत धुवायचा आणि उरेल ते निवडत बसायचं. केस सूक्ष्मदर्शकाखाली धरला की गाभ्याच्या आणि वरच्या खवल्यांच्या नक्षीवरून तो चितळाचा की कुत्र्याचा, ते ओळखता येतं. अकोले तालुक्यातल्या उसाच्या पट्ट्यात असाच अभ्यास झाला, तेव्हा बिबट्याच्या आहारात वजनाच्या हिशेबानं सर्वांत मोठा वाटा, ३९ टक्के, कुत्र्यांचा निघाला.

खरी गंमत अस्वलाच्या विष्ठेत. जांभळाच्या बिया, बहाव्याच्या चपट्या बिया आणि त्यांत मिसळलेली वाळवीची डोकी. वाळवीचं मऊ अंग पचून जातं, डोक्याचं कठीण कवच तसंच बाहेर पडतं. मांसाचा मागमूस सहसा नाही. तरीही प्राणिशास्त्रात अस्वल वाघ-बिबट्यांच्या मांसभक्षी गणात बसतं, कारण गण वंशावळीवरून ठरतो. वंश तोच राहिला, तोंड मात्र वाळवीसाठी घडलं. वरचे मधले दोन पटाशीचे दात नसतात, ओठ लांब असतात, नाकपुड्या मिटता येतात. नखांनी वारूळ फोडायचं, माती फुंकून उडवायची आणि दातांच्या फटीतून वाळवी ओढून घ्यायची. तो आवाज बराच लांबून ऐकू येतो. या दातांनी नि नखांनी जॉर्ज शॉ हा इंग्रज प्राणिशास्त्रज्ञही चकला. १७९१ मध्ये त्यानं आपलं अस्वल अमेरिकेतल्या झाडांना लोंबणाऱ्या स्लॉथच्या गोतावळ्यात टाकलं.

उलट, ‘शुद्ध शाकाहारी’ची पाटी ज्यांच्यावर बिनधास्त लावावी ती चितळं गळालेली शिंगं आणि हाडं चघळतात. स्फुरद आणि कॅल्शियम गवतातून पुरेसं मिळत नाही, मग काय करणार!

म्हणून शाकाहारी, मांसाहारी, मिश्राहारी हे कप्पे मला शाळेपुरतेच पटतात. प्राण्याचं कशावाचून अडतं, हे मी आधी बघतो. मांजरकुळाचं मांसावाचून अडतं. टॉरिन त्यांच्या शरीरात पुरेसं बनत नाही, वनस्पतींतल्या कॅरोटिनपासून ‘अ’ जीवनसत्त्व करता येत नाही. गोड चवीचं जनुकही निकामी आहे, हे २००५ मध्ये उघड झालं. बिबट्याच्या विष्ठेत गवत सापडतं, म्हणून तो मिश्राहारी होत नाही. कोल्ह्याला असलं बंधन नाही. उंदीर, खेकडा, बोरं, मेलेलं ढोर, काहीही चालतं.

अस्वलाला वारूळ लागतं आणि मोसमाप्रमाणे फळं-फुलंही. चैत्रात मोहाची फुलं रात्री गळू लागतात. पहाटे टोपली घेऊन वेचायला आलेली माणसं आणि अस्वल एकाच झाडाखाली समोरासमोर येतात, आणि हल्ले होतात. तिथं अस्वलाचा गण ठाऊक असून उपयोग नाही. कुठल्या नाल्याकाठचा मोह आधी गळतो, ते ठाऊक हवं.