लाल भुकटी

दारव्ह्याच्या आमच्या जुन्या घराला मातीच्या, हातभर जाडीच्या भिंती होत्या. सामान कोनाड्यात, कपडे खुंटीला. स्वयंपाकघरात सागाची एकच फळी, वाढईकाकांनी बसवलेली. आमच्याकडे सुताराला वाढईच म्हणतात. आई तिच्यावर लोणच्याच्या बरण्या ठेवायची. इतक्या वर्षांत ती फळी तसूभर हलली नाही, आणि ती कशाच्या आधारावर उभी आहे, हे मी कधी मान वर करून पाहिलं नाही.

पुढे घर विकलं आणि आम्ही यवतमाळला राहायला आलो. लाकूड एकगठ्ठा देऊन टाकलं. काका तेव्हा म्हणाले होते, "बापू, साग हाय थो. पाहून दे." मी पाहिलं नाही.

२०१९च्या जानेवारीत यवतमाळला ९२वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरलं. अरुणा ढेरे अध्यक्ष होत्या. उद्घाटन आमच्याच जिल्ह्यातल्या वैशाली येडे यांनी केलं. कर्जापायी नवरा गमावलेली ही शेतकरी बाई त्या मंचावर उभी राहिली, तेव्हा मी भारावून गेलो होतो. त्याच भरात पुस्तकांच्या दोन जड पिशव्या घेऊन घरी आलो. पुस्तकं ठेवायला जागा नव्हती, म्हणून बाजारातून दोन लोखंडी ब्रॅकेट आणि एक फळी आणली.

काका तोवर यवतमाळलाच मुलाकडे राहायला आले होते, आमच्या घरापासून दहा मिनिटांवर. मी त्यांना बोलावलं नाही. एवढ्याशा कामाला मजुरी कशाला द्यायची, असा हिशेब मी केला आणि फळी स्वतःच लावली. हे लिहिताना आजही लाज वाटते.

तिसऱ्या रात्री फळी कोसळली. त्या खोलीत आई झोपली होती. ब्रॅकेट तिच्या उशीपासून वीतभर अंतरावर पडलं होतं. प्लास्टरचा एक पोपडा तिच्या केसांत अडकला होता, तो मी हातानं काढला.

सकाळी काकांकडे गेलो. ते रागावतील असं वाटलं होतं. त्यांनी फक्त विचारलं, "मायले लागलं तं नाही?" आणि चप्पल घातली.

घरी आल्यावर त्यांनी पिशवीतून काहीच काढलं नाही. बोटाच्या पेरानं भिंत ठोकत गेले. एका जागी आवाज भरीव आला, हातभर पुढे पोकळ. "पयले भिंत काय म्हन्ते थे आयक." माझी भोकं नेमकी पोकळ जागेवर होती. प्लास्टर विटेपासून सुटलेलं, आणि स्क्रूसाठी बसवलेल्या माझ्या गिट्ट्या त्या प्लास्टरमध्येच अडकलेल्या. त्यांनी दुसरी चूक दाखवली ती ब्रॅकेटची. लांब बाजू फळीखाली आणि आखूड बाजू भिंतीला, असं मी लावलं होतं. वजन पुढे ओढतं तेव्हा सगळा ताण वरच्या स्क्रूवर येतो आणि खालचा भाग भिंतीला नुसता रेटतो. म्हणून भिंतीवर लांब बाजू हवी.

मग त्यांनी ड्रिल माझ्या हातात दिलं. आधी पांढुरकी भुकटी पडली. "थांबू नको." थोड्या वेळानं लाल भुकटी पडायला लागली. "आता विटीत शिरला तू." एका भोकात लालऐवजी राखाडी भुकटी आली, म्हणजे दोन विटांच्या मधला सांधा लागला होता. त्यांनी ती जागा सोडायला लावली. भोकातली धूळ फुंकून काढली, गिट्टी पूर्ण आत बसवली. फरशीपासून मोजू दिलं नाही, कारण फरशीला उतार असतो. पारदर्शक नळीत पाणी भरून, त्यातले बुडबुडे काढून, दोन टोकांना पाणी जिथे थांबलं तिथे पेन्सिलीनं खुणा केल्या.

फळी लावायची वेळ आली तेव्हा ते म्हणाले, "हे नाही, घरून आनतो." आणि कापडात गुंडाळलेली एक फळी घेऊन आले. तिच्यावर तेलकट गोल डाग होते. बरण्यांचे. आमच्या स्वयंपाकघरातली फळी. मी विकलेल्या लाकडातून त्यांनी ती पदरचे पैसे देऊन परत घेतली होती आणि इतकी वर्षं जपली होती. आई खाटेवरून उठली आणि फळीवरून हात फिरवत राहिली. काका रंधा मारायला निघाले होते, ते थांबले. "ऱ्हाऊ दे डाग."

किती पैसे दिले, हे मी त्यांना विचारलं नाही. विचारायला हवं होतं. २०२१ मध्ये काका गेले.

गेल्या महिन्यात मुलीला तिच्या खोलीत फळी हवी होती. मी भिंत ठोकून पाहिली, तिलाही ऐकायला लावली. ड्रिल तिच्याच हातात दिलं. पांढरी भुकटी तिच्या मनगटावर पडली, फरशीवर पडली. ती थांबायला लागली, तसा मी म्हणालो, "थांबू नको." मग लाल आली.