बुद्धाच्या खांद्यावर शवपेटी

बाओडिंगशानची घळ वरून दिसत नाही. बांबूची बेटं, शेवाळलेल्या पायऱ्या, उदबत्त्यांचा दाट धूर आणि सहलीला आलेल्या कुटुंबांचा गलका यांतून उतरत जायचं; मग एका वळणावर समोरचा सगळा कडाच अंगावर येतो. अर्धगोलात वळलेली, सुमारे ५०० मीटर लांबीची खडकाची भिंत. तिच्यावर बुद्ध आहेत, राक्षस आहेत, न्यायाधीश आहेत. आणि त्यांच्या शेजारीच कोंबड्यांचं खुराडं उघडणारी बाई आहे, दारू पिऊन झिंगलेला बाप आहे, अर्धवट झोपेत पोराला मुतायला धरणारी आई आहे. देवळात आलो की कुणाच्या परसात, हेच क्षणभर कळेना!

चोंगछिंग महानगराच्या पश्चिमेला दाझू जिल्हा आहे. तिथल्या डोंगरांवर मिळून सुमारे ५०,००० मूर्ती कोरलेल्या आहेत, आणि त्यांतल्या पाच डोंगरांना १९९९ साली जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. इतर कड्यांवर सरदार, सावकार, भिक्षू यांनी ज्याला जमेल तसा आपापला नवस कोरून घेतला. बाओडिंगशानची ही घळ मात्र झाओ झिफेंग नावाच्या एका भिक्षूनं एखादा ग्रंथ रचावा तशी सलग आखली. बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात सुरू झालेलं हे काम तेराव्या शतकाच्या मध्यापर्यंत चाललं होतं. तेव्हा दक्षिण चीनमध्ये सोंग घराण्याचं राज्य होतं.

अजिंठा-वेरूळ पाहून सरावलेल्या डोळ्यांना इथं आधी उजेडच चकित करतो. आपल्याकडे बुद्ध भेटतो तो लेण्याच्या गाभ्यात, काळोखाला डोळे सरावल्यावर. इथं तो उघड्या आकाशाखाली, शेंदरी, निळ्या, हिरव्या रंगांत उभा आहे, आणि दृश्यांच्या खाली ठसठशीत अक्षरं कोरलेली आहेत. ज्याला वाचता येतं त्यानं वाचावं, ज्याला येत नाही त्यानं पाहावं. सुरुवातीलाच एक अक्राळविक्राळ राक्षस दातांत आणि हातांत भवचक्र धरून उभा आहे. पुढे तीन प्रचंड मूर्ती कड्यातून पुढे झुकलेल्या दिसतात. त्यांतल्या एका बोधिसत्त्वाच्या तळहातावर दगडी मनोरा आहे. आठ शतकं तो हात तुटला कसा नाही? मनगटावरून पायापर्यंत उतरलेली वस्त्राची चुणी नीट पाहिली की कळतं. ती चुणीच खांब आहे! मनोऱ्याचा भार तिच्यातून थेट जमिनीत उतरतो.

पुढच्या दालनात सोन्यानं मढवलेली सहस्रभुजा ग्वानयिन आहे. तिच्या मागे हातच हात पसरलेले, प्रत्येकाच्या तळव्यात एक डोळा. हात १,००७ आहेत असं पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले. २००८ ते २०१५ या काळात मूर्तीची दुरुस्ती झाली, तेव्हा एकेक हात मोजला गेला आणि ते ८३० भरले. ही ग्वानयिन म्हणजे आपला अवलोकितेश्वर. भारतातून निघाला तेव्हा तो पुरुष होता. चिनी मनात रुजता रुजता स्त्री झाला. आणि तिला हजार हात का, याची एक गोष्टही चीननं स्वतः रचली. राजकन्या म्याओशान लग्नाला नकार देऊन भिक्षुणी होते. चिडलेला बाप तिच्या जिवावर उठतो. पुढे तोच बाप असाध्य रोगानं खंगतो, आणि ओळख न देता ती आपले दोन्ही हात, दोन्ही डोळे कापून त्याच्या औषधासाठी पाठवते. त्या दानाचं फळ म्हणून तिला हजार हात, हजार डोळे मिळतात. हेनान प्रांतातल्या एका विहारात इ. स. ११०० मध्ये ही कथा शिळेवर कोरली गेली. आमच्याबरोबरची तरुण गाईड म्हणाली, “घर सोडून गेली, पण मुलगी राहिलीच ना!”

घळीच्या टोकाशी बुद्धाचं महापरिनिर्वाण आहे. अजिंठ्याच्या २६व्या लेण्यातला निजलेला बुद्ध सुमारे ७ मीटरचा. इथला ३१ मीटर. आणि तरीही तो पुरता नाही! गुडघ्यांच्या पुढचे पाय कड्यात गडप झाले आहेत, आणि समोरचे शिष्य कमरेपर्यंतच जमिनीतून वर आलेले. उरलेलं शरीर पाहणाऱ्यानं मनात पुरं करायचं. त्याला लागूनच जन्माचं दृश्य आहे. नवजात सिद्धार्थाला न्हाऊ घालणारे आपल्याकडचे नाग इथं नऊ ड्रॅगन झाले आहेत, आणि डोंगरावरून येणारं खरंखुरं पाणी ड्रॅगनच्या तोंडातून बाळाच्या अंगावर पडतं. पावसाचं पाणी कोरीव काम खराब करतं म्हणून त्याला वाट काढून द्यायची, आणि त्या वाटेचाच देखावा करायचा. हे गवंड्याचं शहाणपण की कवीचं?

मग येतो तो देखावा, ज्यासमोर सगळ्यात जास्त गर्दी असते. वर सात बुद्धांची डोकी, खाली मायबापांचे दहा उपकार. गर्भार बाई, बाळंतवेणा, मूल पाहून सुखावलेला चेहरा. कडू आपण गिळून गोड घास पोराला भरवणं. कोरड्या जागी त्याला निजवून आपण ओल्यात झोपणं. पाजणं, धुणं, आणि परगावी निघालेल्या मुलाला निरोप देणं. आठव्या दृश्यापाशी मी अडकलेच. मुलाच्या लग्नाच्या जेवणासाठी आईबाप डुक्कर मारायला निघाले आहेत. बौद्ध कड्यावर प्राणिहत्या, आणि तीसुद्धा उपकारांच्या यादीत! अर्थ असा की पोराच्या सुखासाठी त्यांनी पापही अंगावर घेतलं. शेवटच्या दृश्यात म्हातारे मायबाप आहेत. मूल स्वतः म्हातारं झालं तरी त्यांची काळजी संपलेली नाही. हे सगळं ज्या सूत्रावर आधारलं आहे ते भारतातून आलेलं नाही. बुद्धाच्या तोंडी घातलेलं हे सूत्र चीनमध्येच रचलं गेलं.

त्याची गरज का पडली? तंटा जुना होता. कन्फ्यूशियसच्या परंपरेत शरीर, केस, कातडी ही आईवडिलांची ठेव. तिला धक्का लावायचा नाही. वंश चालवायचा, पितरांना अन्न द्यायचं. आणि हे परदेशी भिक्षू तर डोकं भादरतात, लग्न करत नाहीत, घराकडे पाठ फिरवतात! तांग सम्राट वूझोंगनं ८४५ साली या धर्मावर मोठा घाव घातला. ४,६०० हून अधिक विहार उद्ध्वस्त झाले, सुमारे २,६०,००० भिक्षु-भिक्षुणींना परत संसारात धाडलं गेलं. त्यामागे विहारांच्या करमुक्त जमिनी आणि मूर्तींतला धातू यांचाही हिशेब होता. पण ‘आईबाप सोडणारे’ हा आरोप सर्वांत सहज पटणारा होता.

बाओडिंगशाननं तो आरोप लपवला नाही; कोरून ठेवला. मायबापांच्या देखाव्यापुढेच मोठा बुद्ध आहे, आणि त्याच्या पायाशी सहा पाखंडी आचार्य त्याला हसताहेत: हा बापाला टाकून गेला! कुणी बोट दाखवतो, कुणी टाळ्या पिटतो, जवळच कुणी पावा वाजवतंय. बुद्धाचं उत्तर बाजूच्या दृश्यांत आहे. एका ठिकाणी राजा शुद्धोदनाची शवपेटी उचललेली आहे, आणि तिला खांदा देणाऱ्यांत स्वतः शाक्यमुनी आहे. राज्य सोडलं, बायको-मुलगा सोडला, पण बापाला खांदा द्यायला आला. महाराष्ट्राच्या माणसाला पुंडलिक आठवायचाच. तिथं देव भक्ताची मायबापसेवा संपेपर्यंत विटेवर थांबला. इथं बुद्धानं ती सेवा स्वतःच्या खांद्यावर घेतली.

त्याच कड्यावर आणखी एक ओळखीचा मुलगा भेटतो. आंधळ्या मायबापांसाठी पाणी आणायला गेलेला, आणि राजाचा बाण लागलेला. आपण त्याला श्रावणबाळ म्हणतो. बौद्ध जातकात तो श्याम, आणि अजिंठ्याच्या १०व्या आणि १७व्या लेण्यांत त्याची चित्रं आहेत. दशरथाच्या कथेतला श्रावण मरतो, जातकातला श्याम मात्र पुन्हा जिवंत होतो. चीनमध्ये त्याचा प्रवास इथंच थांबला नाही. कन्फ्यूशियन घरांतून मुलांना चोवीस आदर्श पुत्रांच्या गोष्टी सांगतात. त्यांतल्या एकाचे आईबाप डोळ्यांच्या दुखण्यानं त्रासलेले असतात. त्यांना हरणीचं दूध हवं, म्हणून तो हरणाचं कातडं पांघरून कळपात शिरतो आणि शिकाऱ्याच्या बाणातून थोडक्यात वाचतो. तो आपला श्यामच! पण चिनी घरांत तो प्राचीन झोउ काळातला अस्सल चिनी मुलगा म्हणून वावरतो. पाहुणा नुसता राहून गेला नाही, यजमानाच्या पूर्वजांच्या यादीत जाऊन बसला.

देवाणघेवाण दुसऱ्या अंगानंही झाली, ती नरकाच्या देखाव्यात दिसते. आपला यम, मृत्यूचा एकटा मालक, इथं दहा न्यायाधीशांतला एक झाला आहे. चिनी परंपरेत त्याचा क्रमांक पाचवा. टोप्या घालून, टेबलांमागे ओळीनं बसलेल्या त्या दहा राजांकडे पाहिलं की परलोक म्हणजे एक नीट चालणारी कचेरी वाटते. खाली शिक्षा आहेत. दारूसाठीची दृश्यं तर थेट घरातली: बाप मुलाला ओळखत नाही, नवरा बायकोला ओळखत नाही, बहीण बहिणीला ओळखत नाही. कर्माचा सिद्धांत भारताचा. पण गुन्हा कोणता ते चिनी कुटुंबानं ठरवलं.

बाओडिंगशानहून फार लांब नसलेल्या शिझुआनशान डोंगरावर अकराव्या शतकात एका जमीनदारानं बुद्ध, लाओत्झू आणि कन्फ्यूशियस या तिघांनाही आपल्या खर्चानं कोरून घेतलं. त्याला त्यांतून एक निवडायची गरज वाटली नाही.

घळीच्या वर शेंगशोउ विहार आहे. तिथं एक वयस्कर बाई आपल्या मृत आईवडिलांची नावं भिक्षूला सांगत होती, आणि तो कुंचल्यानं ती पिवळ्या कागदावर उतरवत होता. तिचा मुलगा मध्येच एक अक्षर दुरुस्त करत होता. सातव्या चांद्रमासाच्या पौर्णिमेला, बुद्धशिष्य मौद्गल्यायनानं नरकात पडलेल्या आईला सोडवलं त्या कथेच्या आधारावर, चीनभर विहारांतून अशा नावांसाठी सूत्रं म्हटली जातात. घर सोडलेल्या भिक्षूंकडेच घराच्या पितरांची जबाबदारी आली आहे. ज्यांना आईबाप टाकणारे म्हणून हिणवलं, त्यांच्याच हाती चीननं आपले मेलेले आईबाप सोपवले. आणि त्या भिक्षूंनीही ते काम आपलं मानलं.